चित्रतपस्वी भालजी : स्वतंत्र बाण्याच्या दिग्दर्शकाची साठ वर्षे



‘स्वतंत्र दिग्दर्शक’ हा शब्दप्रयोग अलीकडे वरचेवर कानांवर पडतो. मोठ्या निर्मितिसंस्थेच्या आश्रयाला न जाता स्वतःच्या मनातील विषय स्वतःच्या हिमतीवर पडद्यावर आणणारा कलावंत, असा त्याचा सर्वसाधारण अर्थ घेतला जातो. ही कल्पना पाश्चात्त्य देशांतून आपल्याकडे आली, असाही एक समज आहे. वास्तविक भारतीय चित्रपटाचा जन्मच अशा स्वतंत्र वृत्तीच्या माणसांच्या हातून झाला. दादासाहेब फाळके यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला, तो कोणा भांडवलदाराच्या आज्ञेवरून नव्हे. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी आपल्या सहकाऱ्यांसह स्वतःच कॅमेरा तयार केला आणि १९२० साली ‘सैरंध्री’ प्रदर्शित केला. लोकमान्य टिळकांनी तो पाहून बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली, हे सर्वश्रुत आहे. याच कोल्हापूरच्या मातीत आणि याच परंपरेत भालचंद्र गोपाळ पेंढारकर, म्हणजे सर्वांचे भालजी, घडले.

भालजींच्या चित्रपटांची नामावली सांगणे हा आजच्या विवेचनाचा हेतू नाही. प्रश्न वेगळा आहे. विचार आणि व्यवसाय यांची सांगड घालू पाहणाऱ्या माणसाला कोणती किंमत मोजावी लागते, ती मोजताना त्याच्याजवळ काय उरते, आणि ज्या समाजासाठी तो हे सारे करतो त्या समाजाचे त्याच्याप्रति काही कर्तव्य असते की नाही, हा तो प्रश्न आहे. भालजींचे जीवन या तिन्ही अंगांनी बोलके आहे.

घडणीचा काळ

भालजींचा जन्म एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या वर्षांतला. छत्रपती शाहू महाराजांच्या राजवटीत कोल्हापूर हे चित्रकला, संगीत, नाटक आणि मल्लविद्या यांचे माहेरघर बनले होते. भालजींच्या घरातही कलेचा वारसा असा काही उजळला की, मराठी चित्रपटाचा आरंभीचा इतिहास हा बऱ्याच अंशी एका गोतावळ्याचाच इतिहास वाटावा. बाबूराव पेंढारकर आणि मास्टर विनायक हे त्यांचे बंधू, व्ही. शांताराम हे मावसभाऊ. ही सारी मंडळी बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या प्रभावकक्षेत वाढली. पुढे शांतारामबापूंनी दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह १९२९ साली ‘प्रभात’ची स्थापना केली. मास्टर विनायकांनी विनोदी आणि सामाजिक चित्रपटांची वेगळी वाट धरली. भालजींनी निवडलेली वाट मात्र इतिहासाची, पुराणांची आणि ग्रामीण जीवनाची होती. आयुष्याच्या अखेरीपर्यंत ते तिच्यावरून ढळले नाहीत.

ही निवड केवळ आवडीची नव्हती. लोकमान्यांच्या युगाचे संस्कार घेऊन वाढलेल्या त्या पिढीपुढे पारतंत्र्य हा नित्याचा अनुभव होता. नाटक आणि वृत्तपत्र यांच्यावर सरकारची करडी नजर होतीच. १९१८ च्या कायद्याने चित्रपटही सेन्सॉरच्या कक्षेत आला. शांतारामबापूंच्या ‘स्वराज्याचे तोरण’ या मूकपटाला १९३० साली ‘उदयकाल’ असे नाव घेऊन प्रकट व्हावे लागले, ही गोष्ट प्रसिद्ध आहे. ‘स्वराज्य’ या शब्दाची धास्ती राज्यकर्त्यांना किती होती, ते यातून कळते.

भालजींनी त्याही आधी, १९२० च्या दशकाच्या उत्तरार्धात, ‘वंदे मातरम् आश्रम’ हा मूकपट निर्माण केला होता. लाला लजपतराय आणि पंडित मदनमोहन मालवीय यांच्या विचारांची प्रेरणा त्यामागे होती. इंग्रजी शिक्षणपद्धती आपल्या तरुणांना स्वत्व विसरायला लावते, म्हणून शिक्षण या देशाच्या परंपरेत रुजलेले असले पाहिजे, हा त्याचा आशय. सेन्सॉरने त्यावर पुनःपुन्हा कात्री चालवली. काही काळ त्यावर बंदीही आली. ज्या चित्रपटात संवादच ऐकू येत नाहीत, त्याच्या पाट्यांतील चार ओळींनी आणि दृश्यांनी साम्राज्याची सत्ता अस्वस्थ व्हावी, यातच त्या कृतीचे सामर्थ्य दिसते.

व्यावहारिक दृष्टीने पाहिले तर हा धोका अनाठायी होता. मूकपटांच्या त्या काळात चमत्कारांनी भरलेल्या पौराणिक कथा आणि हाणामारीचे चित्रपट हमखास चालत. नवख्या निर्मात्याने सरकारशी वैर पत्करण्याचे काही कारण नव्हते. कात्री लागलेला चित्रपट म्हणजे अडकलेले भांडवल, आणि अडकलेले भांडवल म्हणजे कर्ज. स्वतःच्या मनातला विषय स्वतःच्या जबाबदारीवर मांडायचा, त्याचा लाभ समाजाला आणि तोटा स्वतःला, हे गणित भालजींच्या आयुष्यात तेव्हापासूनच सुरू झाले.

बोलपटांचे यश

१९३१ साली ‘आलम आरा’ने भारतीय चित्रपटाला वाणी दिली आणि १९३२ च्या आरंभी ‘अयोध्येचा राजा’ने मराठी बोलपटाचा पाया घातला. त्याच वर्षी पुण्याच्या सरस्वती सिनेटोनसाठी भालजींनी ‘श्यामसुंदर’ दिग्दर्शित केला. ज्यांनी १९१२ साली ‘पुंडलिक’ चित्रित केला होता, ते दादासाहेब तोरणे हे या संस्थेचे सूत्रधार. बाळकृष्णाच्या भूमिकेत शाहू मोडक आणि सोबत शांता आपटे, अशी जोडी भालजींनी प्रेक्षकांसमोर आणली. मुंबईत हा चित्रपट पंचवीस आठवड्यांहून अधिक काळ चालला. रौप्यमहोत्सव ही कल्पना मराठी चित्रपटसृष्टीत रूढ झाली ती या यशानंतर.

त्यानंतर ‘आकाशवाणी’, ‘कालियामर्दन’, ‘कान्होपात्रा’, ‘राजा गोपीचंद’ असे एकामागून एक बोलपट आले. ‘आकाशवाणी’ हा कोल्हापूर सिनेटोनचा चित्रपट. छत्रपती राजाराम महाराजांच्या आश्रयाने उभी राहिलेली ही संस्था. याच संस्थेसाठी वृद्ध दादासाहेब फाळक्यांनी १९३७ साली ‘गंगावतरण’ हा आपला बोलपट केला. चित्रपटाच्या जनकाची अखेरची मोठी कृती ज्या भूमीवर साकारली, तीच पुढे भालजींची कर्मभूमी झाली, हा योगायोग लक्षणीय आहे.

१९३९ साली ‘नेताजी पालकर’ आला आणि १९४१ साली ‘थोरातांची कमळा’. या दोन चित्रपटांनी मराठी ऐतिहासिक बोलपटाची एक घडण निश्चित केली. रंगभूमीवरील ऐतिहासिक नाटकांत भाषा पल्लेदार असे, तर पोशाख झगमगीत. भालजींनी इतिहास दरबारातून बाहेर काढला आणि घोड्याच्या टापांखाली, माळरानावर, मावळ्याच्या झोपडीत नेला. ‘बहिर्जी नाईक’ या १९४३ च्या चित्रपटात तर स्वराज्याच्या हेरखात्याचा प्रमुखच कथेच्या केंद्रस्थानी आला. छत्रपतींचे मोठेपण त्यांच्याभोवतीच्या साध्या माणसांच्या निष्ठेतून दाखवावे, ही भालजींची दृष्टी होती. राष्ट्र केवळ एका महापुरुषाच्या पराक्रमाने उभे राहत नाही. त्याच्या शब्दाखातर प्राण वेचणारी, नावाची अपेक्षा नसलेली माणसे गावोगाव असावी लागतात, हा विचार त्यांनी कथेत गुंफून सांगितला. कार्यकर्त्याला हा विचार वेगळा समजावून सांगण्याची आवश्यकता नाही.

जयप्रभा : एक गुरुकुल

चाळीसच्या दशकात कोल्हापूर सिनेटोनचा स्टुडिओ भालजींकडे आला आणि त्याचे ‘जयप्रभा’ हे नाव महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचले. स्वतःचा स्टुडिओ असणे म्हणजे दिग्दर्शकाच्या स्वातंत्र्याचा भक्कम पायाच. चित्रणाची जागा, यंत्रे, कारागीर, नट हे सारे एका छत्राखाली. त्यामुळे विषयासाठी कोणाची मनधरणी करावी लागत नाही. परंतु त्याची दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. चित्रपट असो वा नसो, महिन्याच्या महिन्याला पगार द्यावेच लागतात. स्टुडिओचे भाडे वाचते, पण स्टुडिओचा संसार अंगावर पडतो.

भालजींनी हा संसार कुटुंबप्रमुखाच्या नात्याने केला. तेथील लहानथोर त्यांना ‘बाबा’ म्हणत. जयप्रभात आलेल्या नवोदिताला आधी उच्चार शिकावे लागत. घोडेस्वारी आणि तलवारीचे हातही शिकावे लागत. गोपाळ मांडरे या तरुणाला ‘चंद्रकांत’ आणि त्याच्या धाकट्या भावाला ‘सूर्यकांत’ ही नावे भालजींनीच दिली. पुढची कित्येक वर्षे ही दोन नावे म्हणजे मराठी पडद्यावरील मर्दानी सौंदर्याची ओळख होती. खेड्यातून आलेल्या, शहरी वळणाची भाषा न येणाऱ्या एका मुलीला त्यांनी हाताशी धरले, तिला ‘सुलोचना’ हे नाव दिले आणि १९४६ च्या ‘सासुरवास’मधून ती घरोघरी पोहोचली. पुढे सुलोचनादीदींनी मराठी आणि हिंदी पडद्यावर मातेच्या भूमिकेला जी प्रतिष्ठा दिली, तिचे मूळ जयप्रभातल्या त्या शिकवणुकीत आहे. १९९९ साली त्यांना पद्मश्री आणि २००९ साली महाराष्ट्र भूषण हे सन्मान लाभले. २०२३ च्या जून महिन्यात त्यांचे निधन होईपर्यंत त्यांनी आपल्या गुरूचे ऋण कधी विस्मरणात जाऊ दिले नाही.

हिंदी चित्रपटसृष्टीतील थोर नटही जयप्रभाच्या अंगणात वावरले. १९४४ च्या ‘महारथी कर्ण’मध्ये पृथ्वीराज कपूर कर्ण होते आणि दुर्गाबाई खोटे कुंती. १९४६ च्या ‘वाल्मीकि’मध्ये पृथ्वीराजांनी वाल्मीकींची भूमिका केली आणि नारदाच्या वेषात उभा राहिला तो त्यांचा विशीतला मुलगा, राज कपूर. नायक म्हणून त्याचे नाव व्हायला अजून अवकाश होता.

दुसऱ्या महायुद्धामुळे कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण आले होते. परवान्याशिवाय फिल्म मिळत नव्हती आणि चित्रपटाच्या लांबीवरही बंधन आले होते. युद्धात नफा कमावलेला नवा पैसा चित्रपटात शिरला आणि नटांचे भाव वाढू लागले. स्टुडिओत मासिक वेतनावर कलावंत ठेवण्याची पद्धत त्या लाटेत वाहून जाऊ लागली. अशा काळात मुंबईचा मोह टाळून कोल्हापुरात पाय रोवून उभे राहणे सोपे नव्हते.

अग्निदिव्य

आणि मग १९४८ चे वर्ष उजाडले. ३० जानेवारीला गांधीजींची हत्या झाली. ते कृत्य निंद्यच होते. त्याविषयी दुमत असण्याचे कारण नाही. परंतु त्याच्या पाठोपाठ पश्चिम महाराष्ट्रात जाळपोळीचा जो वणवा पेटला, त्यात ज्यांचा त्या कृत्याशी कसलाही संबंध नव्हता अशा असंख्य निरपराध कुटुंबांची घरे, दुकाने, वाडे भस्मसात झाले. त्या पर्वाची पुरेशी नोंद आपल्या इतिहासग्रंथांनी घेतलेली नाही. जयप्रभा स्टुडिओ त्या आगीत सापडला. उभ्या आयुष्याच्या कमाईतून उभारलेले शिल्प काही तासांत राख झाले.

भालजी त्या वेळी पन्नाशीचे होते. या वयात माणूस संसाराच्या जबाबदाऱ्यांतून मोकळे होण्याचा विचार करतो. त्यांच्यापुढे तीन मार्ग होते. व्यवसाय सोडून द्यावा. मुंबईला जाऊन कोणाच्या तरी संस्थेत दिग्दर्शक म्हणून नोकरी पत्करावी. किंवा झालेल्या अन्यायाचे भांडवल करून उरलेले आयुष्य कडवटपणात घालवावे. त्यांनी यांपैकी एकही मार्ग स्वीकारला नाही. ज्या गावाने त्यांचे जळते छप्पर पाहिले, त्याच गावात त्यांनी पुन्हा काम सुरू केले. १९४९ साली ‘मीठभाकर’ आणि ‘शिलंगणाचे सोने’ हे त्यांचे चित्रपट पडद्यावर आले.

येथे क्षणभर थांबून विचार करण्यासारखे आहे. जातिद्वेषाच्या आगीत ज्याचे सर्वस्व होरपळले, त्याच्या पुढच्या चित्रपटांत त्या द्वेषाचा लवलेशही नाही. उलट गावगाड्यातील शेतकरी, मावळा, लोहार, सैनिक हेच त्यांचे नायक राहिले. समाजाच्या एका घटकाने आपल्यावर घाव घातला म्हणून समाजालाच परके मानायचे नाही, ही वृत्ती केवळ उदारमनस्कतेची नव्हे. तिच्यामागे राष्ट्राविषयीची एक पक्की धारणा असावी लागते. समरसतेवर भाषणे करणे सोपे आहे. राखेवर उभे राहून पुन्हा त्याच माणसांच्या कथा सांगणे हे समरसतेचे आचरण होय.

१९५२ साली त्यांनी ‘छत्रपती शिवाजी’ हा मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांतील भव्य चित्रपट निर्माण केला. शिवरायांच्या भूमिकेत चंद्रकांत आणि मिर्झाराजे जयसिंगांच्या भूमिकेत पृथ्वीराज. स्वातंत्र्य मिळून जेमतेम पाच वर्षे झाली असताना, स्वराज्याच्या संस्थापकाचे चरित्र मराठीच्या सीमेबाहेर सर्व देशापुढे ठेवण्याचा हा प्रयत्न होता. १९५६ साली ‘पावनखिंड’ आला.

ऋणाचे ओझे आणि ऋणानुबंध

तथापि आर्थिक गणित जुळत नव्हते. हा दोष एकट्या भालजींचा म्हणता येणार नाही. पन्नासचे दशक हे साऱ्या देशातल्या स्टुडिओंच्या अस्ताचे दशक होते. पुण्याची ‘प्रभात’ बंद पडली, मुंबईची ‘बॉम्बे टॉकीज’ मिटली, कलकत्त्याच्या ‘न्यू थिएटर्स’नेही दरवाजे लावून घेतले. हिंदी चित्रपटाचा बाजार देशभर आणि मराठीचा जेमतेम एका प्रांतापुरता. ऐतिहासिक चित्रपटाला घोडे लागतात, माणसे लागतात, पोशाख लागतात. खर्च हिंदीच्या तोडीचा आणि परतावा मात्र मराठीच्या मापाचा. आगीनंतरचे कर्ज डोक्यावर होतेच. अखेर १९५९ साली जयप्रभा स्टुडिओ विकण्याची पाळी आली.

तो विकत घेतला लता मंगेशकर यांनी. मास्टर दीनानाथांच्या निधनानंतर या कुटुंबाला मास्टर विनायकांनी आधार दिला होता. कोल्हापुरातच लताबाईंची उमेदवारी झाली होती. पेंढारकर आणि मंगेशकर या घराण्यांतील हा स्नेह व्यवहारापलीकडचा होता. मालकी बदलली तरी भालजींचे काम तेथेच चालू राहिले, आणि मराठी संगीताच्या दृष्टीने एक सुवर्णपान उघडले गेले. ‘आनंदघन’ या टोपणनावाने लताबाईंनी ज्या चित्रपटांना संगीत दिले, ते चारही भालजींचे : १९६३ चा ‘मोहित्यांची मंजुळा’, १९६४ चा ‘मराठा तितुका मेळवावा’, १९६५ चा ‘साधी माणसं’ आणि १९६९ चा ‘तांबडी माती’. यांतील काही गीते ‘योगेश’ या नावाने भालजींनी स्वतःच लिहिली होती. ‘साधी माणसं’च्या संगीताला राज्य शासनाचा पुरस्कार जाहीर झाला, तेव्हाच आनंदघन म्हणजे कोण हे रसिकांना उमगले.

‘साधी माणसं’ हा भालजींच्या कर्तृत्वाचा कळस मानला जातो, आणि तो ऐतिहासिक चित्रपट नाही, ही गोष्ट ध्यानी घेण्याजोगी आहे. खेड्यातले एक लोहार दांपत्य शहरात येते आणि तेथील लबाडीच्या जगात त्यांच्या सरळपणाची परीक्षा होते, एवढीच ती कथा. सूर्यकांत आणि जयश्री गडकर यांनी ती जिवंत केली. त्यात तलवार नाही, भगवा ध्वज नाही, घोषणा नाही. तरीही ‘नेताजी पालकर’ ज्या निष्ठेतून जन्मला, त्याच निष्ठेतून हाही जन्मला आहे. श्रमाने मिळवलेली भाकरी, पतिपत्नींचा परस्परांवरील विश्वास आणि गरिबीतही न सुटणारी नीती, हे या समाजाचे खरे गडकोट आहेत, असे हा चित्रपट न बोलता सांगतो. ‘साधी माणसं’ आणि ‘तांबडी माती’ या दोन्ही चित्रपटांना राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा मान मिळाला. ‘तांबडी माती’तून दादा कोंडके हा नटही प्रथमच पडद्यावर आला. त्याची पुढची वाट भालजींच्या वाटेहून अगदी भिन्न. पण गुणी माणूस ओळखण्याची भालजींची नजर सत्तरीतही मंदावली नव्हती, हे त्यावरून दिसते.

१९८१ साली, वयाची ऐंशी वर्षे उलटल्यावर, त्यांनी ‘गनिमी कावा’ प्रदर्शित केला. मूकपटापासून रंगीत चित्रपटापर्यंत सहा दशके एकच ध्यास घेऊन चालणारे दिग्दर्शक भारतातही विरळाच.

टीका आणि तिचे उत्तर

भालजींवर टीका झाली नाही असे नाही. त्यांचे ऐतिहासिक चित्रपट एका साच्याचे आहेत, त्यांत इतिहासापेक्षा दंतकथेला अधिक स्थान आहे, संवाद नाटकी आहेत, असे समीक्षक म्हणत आले. यांतील काही आक्षेप मान्य करावे लागतील. ‘थोरातांची कमळा’ची कथा इतिहाससंशोधनाच्या कसोटीला उतरणारी नाही. सत्तरच्या दशकात नव्या जाणिवेचा चित्रपट आला, तेव्हा भालजींची मांडणी जुनी वाटू लागली, हेही खरे. गुणगौरवाच्या भरात या मर्यादा झाकण्याचे कारण नाही. त्यांनी स्वतःदेखील आपल्या आत्मचरित्राला ‘साधा माणूस’ एवढेच नाव दिले.

परंतु एक प्रश्न टीकाकारांनाही विचारला पाहिजे. ज्या काळात शाळेच्या पाठ्यपुस्तकांत इतिहास दोन-चार पानांत आटोपत असे, त्या काळात खेड्यापाड्यांतील अक्षरओळख नसलेल्या मायबहिणींना बहिर्जी, नेताजी, बाजीप्रभू ही नावे कोणी दिली? कीर्तनकाराने आणि शाहिराने दिली, तशीच जत्रेतील तंबूत लागलेल्या या चित्रपटांनीही दिली. आज ‘फर्जंद’, ‘फत्तेशिकस्त’, ‘पावनखिंड’ यांसारख्या शिवकालीन चित्रपटांना तरुण प्रेक्षक गर्दी करतात. २०२२ साली ‘पावनखिंड’ पाहून बाहेर पडणाऱ्या किती जणांना ठाऊक होते की, याच नावाचा चित्रपट सहासष्ट वर्षांपूर्वी कोल्हापुरात बनला होता?

१९९१ साठीचा दादासाहेब फाळके पुरस्कार भालजींना मिळाला. तेव्हा त्यांनी नव्वदी ओलांडली होती. त्यांच्या आधी पृथ्वीराज कपूर, दुर्गाबाई खोटे, व्ही. शांताराम, राज कपूर आणि लता मंगेशकर या सर्वांना तो लाभला होता. ज्यांना त्यांनी भूमिका दिल्या, ज्यांच्यासमवेत काम केले, ते सारे आधी गौरविले गेले आणि त्या सर्वांचे ‘बाबा’ मागे राहिले. याची खंत त्यांच्या चाहत्यांना वाटली. त्यांनी मात्र पुरस्कारासाठी कधी कोणाचे उंबरठे झिजवले नव्हते. २६ नोव्हेंबर १९९४ रोजी कोल्हापुरात त्यांची प्राणज्योत मालवली.

समाजाचे कर्तव्य

आता अखेरचा मुद्दा. भालजींनी आपले देणे दिले. समाजाचे देणे फिटले का?

मूकपटांच्या युगातील भारतीय चित्रपटांपैकी फारच थोडे आज उपलब्ध आहेत. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली. तोवर फिल्मची कितीतरी रिळे जळून, वितळून किंवा त्यांतील चांदी काढून घेण्यासाठी नष्ट झाली होती. आपण किल्ल्यांच्या पडझडीबद्दल हळहळतो आणि ते योग्यच आहे. चित्रपटाची रिळे हीही एका काळाची तटबंदी असते, ही जाणीव मात्र आपल्यात उशिरा आली.

जयप्रभाची कथा याहून वेगळी नाही. २०२२ च्या आरंभी हा स्टुडिओ विकला गेल्याचे उघड झाले, तेव्हा कोल्हापुरातील कलावंत आणि तंत्रज्ञ उपोषणाला बसले. ही वास्तू चित्रपटासाठीच राहिली पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. त्यांची कळकळ निःसंशय खरी होती. परंतु वास्तू संकटात आल्यावर जागे व्हायचे आणि तोवर तिच्यातील कामाकडे पाठ फिरवायची, हा आपला जुना दोष आहे. मराठी चित्रपट चित्रगृहात लागला की तिकीट काढून तो पाहणारी कुटुंबे पुरेशी असती, तर १९५९ साली भालजींवर स्टुडिओ विकण्याची वेळ आली असती का, हा प्रश्न प्रत्येक घराने स्वतःला विचारावा.

यावर उपाय नाही असे नाही. कोल्हापूरचेच सुपुत्र सुधीर फडके यांनी स्वातंत्र्यवीर सावरकरांच्या जीवनावर चित्रपट काढण्याचा संकल्प केला, तेव्हा एकही मोठा भांडवलदार त्यांच्यामागे नव्हता. बाबूजी गावोगाव गेले, गीतरामायण गायले, समाजापुढे झोळी पसरली. सामान्य माणसांच्या लहानमोठ्या देणग्यांतून, अनेक वर्षांच्या विलंबानंतर, वेद राही यांच्या दिग्दर्शनाखाली तो चित्रपट २००१ साली पूर्ण झाला. पुढच्याच वर्षी बाबूजींनी जगाचा निरोप घेतला. समाजाने मनात आणले तर स्वतंत्र कलावंत एकाकी राहत नाही, याचे हे आपल्या डोळ्यांदेखत घडलेले उदाहरण आहे.

म्हणून कार्यकर्त्यांनी आणि कुटुंबांनी काही साध्या गोष्टी कराव्यात. आपल्या नगरातील वाचनालयात, शाळेत, वस्तीवर वर्षातून एकदा तरी ‘साधी माणसं’सारखा चित्रपट मुलांना दाखवावा आणि नंतर त्यावर त्यांच्याशी बोलावे. घरातील वडीलधाऱ्यांकडे जुनी पोस्टरे, गीतपुस्तिका, छायाचित्रे असतील तर ती रद्दीत न घालता संग्रहालयाकडे पोहोचवावीत. आणि चांगल्या हेतूने काम करणारा एखादा तरुण दिग्दर्शक आपला चित्रपट घेऊन गावात आला, तर त्याच्या पाठीवर नुसती थाप मारून न थांबता त्याच्या चित्रगृहाच्या खुर्च्या भरतील हे पाहावे. त्याचे मत आपल्या मताशी शंभर टक्के जुळते का, हे मोजत बसू नये. भालजींना १९४८ साली कोणी तसे मोजले असते, तर पुढचा ‘साधी माणसं’ मराठीला लाभला नसता.

विचारनिष्ठ माणसाला यश मिळतेच असे नाही. भालजींना रौप्यमहोत्सव मिळाले, तशी जप्तीची भीतीही मिळाली. पुरस्कार मिळाला, पण तो उतारवयात. तरीही त्यांनी आपला विषय बदलला नाही, गाव बदलले नाही आणि माणसांवरील विश्वासही सोडला नाही. दिग्दर्शकाचे स्वातंत्र्य म्हणतात ते हेच. त्याची किंमत आजवर एकट्या कलावंताने भरली. यापुढे तिचा काही वाटा आपण उचलू या.